स्टेटमेंटवर विमान कंपनीची ओळ आलीय, पण नाव ओळखीचं नाही?

चवथ (गणेश चतुर्थी) होऊन गेली की आमच्या गोव्यातल्या फोंड्यात हा प्रश्न दरवर्षी कोणीतरी विचारतंच. मुलं पुण्याहून, बेंगळुरूहून, मस्कतहून येऊन गेलेली असतात, तिकिटं कोणीतरी कोणाच्यातरी कार्डावर काढलेली असतात, आणि महिनाअखेरीला घरातल्या मोठ्या माणसाला स्टेटमेंटमध्ये कधी न ऐकलेलं नाव दिसतं. यंदा शेजारच्या काकी प्रिंटआऊट घेऊनच आल्या. "अरे, हे इंटरग्लोब एव्हिएशन कोण? आणि गुडगावला माझं कोण आहे?" रात्रभर झोप नव्हती त्यांना, आणि मला खरंच वाईट वाटलं, कारण ही भीती एका मिनिटात जाण्यासारखी आहे, फक्त कोणी सांगत नाही.

इंटरग्लोब एव्हिएशन म्हणजे इंडिगो. स्टेटमेंटवर बऱ्याचदा कंपनीचं नोंदणीचं नाव छापून येतं, विमानावर रंगवलेलं नाही, आणि गाव येतं ते ऑफिसचं, आपण मोपाहून उडालो की दाबोळीहून याच्याशी त्याचा काही संबंध नसतो. तसंच अकासा एअरचं नोंदणीचं नाव एसएनव्ही एव्हिएशन. विस्तारा १२ नोव्हेंबर २०२४ ला एअर इंडियात विलीन झाली, त्यामुळे जुनं स्टेटमेंट काढून बघत असाल तर तिथे टाटा एसआयए असं काहीतरी दिसेल, तेही विस्ताराच. तिकीट बुकिंगच्या पोर्टलवरून तिकीट काढलं असेल तर विमान कंपनीचं नावच नसतं, पोर्टलचं असतं, किंवा मधल्या पेमेंट गेटवेचं, म्हणजे ऑनलाइन पैसे पोचवणाऱ्या कंपनीचं, रेझरपे, पेयू, बिलडेस्क असं.

नावाने उलगडा झाला नाही तर त्या ओळीतले आकडे बघा. क्रेडिट कार्डाच्या स्टेटमेंटवर विमानाच्या व्यवहारासोबत बरेचदा तेरा आकडी तिकीट नंबर येतो आणि कधी प्रवाशाचं नावसुद्धा (पासबुकात मात्र जागाच नसते, अर्धी ओळ कापलेली असते, म्हणून नेटबँकिंगमधून पूर्ण स्टेटमेंट काढायचं). त्या नंबरचे पहिले तीन आकडे म्हणजे विमान कंपनीचा कोड. ०९८ म्हणजे एअर इंडिया, १७६ एमिरेट्स, १५७ कतार एअरवेज. तो नंबर घरातल्यांच्या ईमेलमध्ये सर्च करून बघा, तिकीट बहुतेक तिथेच सापडतं. नंबर नसेल तर रक्कम सर्च करा, पैशांसकट, म्हणजे ६,४३७.०० अशी.

काकींचं तिकीट सापडलं तरी त्यांचं समाधान होईना, कारण तिकिटाच्या खाली त्याच नावाच्या आणखी दोन छोट्या ओळी होत्या, वेगळ्या तारखांच्या. मुलाला फोन लावला तेव्हा कळलं, एक खिडकीच्या सीटचे पैसे आणि दुसरी जाताना खाजं, नारळ, चवथीचं सगळं भरून बॅग जड झाली त्या जादा वजनाचे. तिकीट काढल्यावर नंतर जे काही घ्याल, सीट, सामान, जेवण, तारीख बदल, ते प्रत्येक वेगळं वसूल होतं आणि वेगळी ओळ बनतं. आपल्या गोव्यात तर अजून एक भानगड आहे, विमानतळ दोन आहेत, दाबोळीचा कोड जीओआय आणि मोपाचा जीओएक्स, घाईत भलतंच निवडलं जातं आणि मग बदलाची फी आणि भाड्यातला फरक अशी नवीन ओळ येते जी दोन आठवड्यांनी कोणालाच आठवत नाही.

परदेशी कंपनीची तिकिटं काढणाऱ्या घरांत वेगळीच ओळ दिसते, फॉरेक्स मार्कअपची, म्हणजे परदेशी व्यवहारावर बँक लावते त्या जादा चार्जची. बँका साधारण २ ते ३.५ टक्के घेतात, त्यावर १८ टक्के जीएसटी. साइटवर भाव रुपयांत दिसला तरी व्यवहार परदेशात नोंदला गेला असेल तर बऱ्याच बँका चार्ज लावतातच.

आणि पैसे गेले पण तिकीटच आलं नाही, असं असेल तर? रिझर्व्ह बँकेच्या २०१९ च्या नियमाप्रमाणे दुकानदाराकडे, म्हणजे इथे विमान कंपनीकडे किंवा पोर्टलकडे, पैशांचं कन्फर्मेशन पोचलं नसेल तर व्यवहाराच्या दिवसापासून पाच दिवसांत पैसे आपोआप परत यायला हवेत, उशीर झाला तर दिवसाला १०० रुपये भरपाई. हे बँकेत जाऊन ठामपणे सांगा, लोक सांगतच नाहीत.

आता सगळ्यात महत्त्वाचं, म्हणून जरा तळमळीने लिहितोय. ओळ बघून घाबरलात तर गूगलवर कंपनीचा कस्टमर केअर नंबर शोधून फोन लावू नका. तिथे खोटे नंबर टाकून बसलेले लोक असतात, रिफंड देतो म्हणून स्क्रीन शेअर करायला लावतात आणि जे गेलं नव्हतं तेही जातं. नंबर कार्डाच्या मागचा किंवा कंपनीच्या स्वतःच्या ॲपमधलाच घ्या.

घरात सगळ्यांना विचारून झालं, मस्कतवाल्या भाच्यालाही विचारलं आणि तिकीट कोणाचंच नाही, तर मग एक तासही थांबू नका. चोरलेल्या कार्डावर विमानाची तिकिटं काढून विकणं हा जुना धंदा आहे, आणि परदेशी साइटवर ओटीपीशिवायही व्यवहार होऊ शकतो, त्यामुळे "ओटीपी आलाच नाही मग पैसे कसे गेले" यात वेळ घालवू नका. कार्ड ब्लॉक करा, बँकेत डिस्प्यूट टाका, म्हणजे हा व्यवहार माझा नाही अशी तक्रार, तक्रार नंबर लिहून घ्या, १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणे चूक तुमची नाही, बँकेचीही नाही, तिसऱ्याच कोणाची आहे, आणि बँकेचा मेसेज आल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवलंत, तर तुमचं नुकसान शून्य. चार ते सात कामाचे दिवस लागले तर साध्या सेव्हिंग खात्याला जास्तीत जास्त १०,००० रुपयांपर्यंत तुमच्या माथी. कळवल्यापासून दहा कामाच्या दिवसांत बँकेने ती रक्कम तात्पुरती जमा करायची असते, आणि चूक तुमची होती हे सिद्ध करायची जबाबदारीही बँकेचीच. ओटीपी स्वतःहून कोणाला सांगितला असेल तर मात्र कळवेपर्यंतचं नुकसान आपलंच, म्हणूनही लवकर कळवायचं. तीस दिवसांत बँकेने उत्तर दिलं नाही किंवा पटणारं दिलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, फी लागत नाही, वकील लागत नाही, फक्त तो बँकेचा तक्रार नंबर जवळ पाहिजे.