रिमला माया नसते

शिवणकाम करणाऱ्याला माया म्हणजे काय ते सांगावं लागत नाही. शिलाईच्या आत दाबून ठेवलेलं अर्धा-पाऊण इंच कापड, उद्या अंग भरलं तर उसवून सैल करता यावं म्हणून सोडलेलं. गेली एकवीस वर्षं मी लोकांच्या कपड्यांत माया ठेवत आले आहे. म्हणूनच असेल, गाडीच्या चाकांची वेळ आली तेव्हा मी सुरुवातीलाच चुकले. वाटलं, एक-दोन मिलिमीटर इकडेतिकडे चालत असेल.

झालं असं, की भर पावसात, रात्री, पाण्याने भरलेला एक खड्डा नवऱ्याला दिसलाच नाही. पुढचं डावं चाक त्यात असं आदळलं की मागे झोपलेली दोन्ही मुलं उठून बसली. टायर शाबूत. पण त्यानंतर दर दोन-तीन दिवसांनी त्या चाकातली हवा चार-पाच पीएसआयने उतरायला लागली. पंक्चर काही सापडेना. शेवटी टायरवाल्याने चाक उतरवलं, रिमच्या आतल्या बाजूला साबणाचं पाणी फिरवलं, आणि तिथे बोटभर लांबीची, केसाएवढी चीर निघाली. बारीक बुडबुड्यांची ओळच उठली तिच्यातून.

"वेल्डिंग मारून घ्या ताई, चालतंय सगळ्यांचं."

पोलादी रिम वाकतो, ठोकून बऱ्यापैकी सरळही होतो. आमचा अलॉयचा, म्हणजे अ‍ॅल्युमिनियमच्या मिश्रधातूचा; तो वाकण्याआधी तडकायला बघतो. तो बनवताना उष्णतेची प्रक्रिया देऊन त्याला ताकद आणलेली असते, आणि वेल्डिंगच्या उष्णतेने नेमकी त्याच जागेची ती ताकद उतरते. फाटलेल्या कापडाला घट्ट रफू केलं की पुढच्या वेळी ते रफूच्या कडेनेच फाटतं, हे मी हजार वेळा पाहिलंय. मी नको म्हटलं. त्याच डिझाइनचा एकटा रिम कुठे मिळेना, म्हणून चारचा सेट बदलायचं ठरलं.

पहिला सेट माझ्या दिरानेच शोधून आणला. वापरलेला, पण चकचकीत. "वहिनी, पाच होलचे आहेत आणि एसयूव्हीचेच आहेत. बसतील."

पाच भोकं असणं म्हणजे 'शर्टाला पाच बटणं आहेत' म्हणण्यासारखं. ती किती अंतरावर आहेत? सगळ्या भोकांच्या मध्यांतून एक वर्तुळ काढलं तर त्या वर्तुळाच्या व्यासाला पीसीडी म्हणतात. आमच्या गाडीचा पीसीडी ५ × ११४.३, म्हणजे पाच स्टड (ज्यांवर नट फिरतात ते दांडे) आणि ११४.३ मिलिमीटर व्यास. तो विचित्र आकडा साडेचार इंचांचा आहे, बाकी काही नाही. जपानी आणि कोरियन गाड्यांमध्ये हा खूप आढळतो. फोक्सवॅगन गटाच्या आणि मर्सिडीजच्या अनेक गाड्यांना ५ × ११२ असतो. दोन्हींत फरक २.३ मिलिमीटरचा.

गंमत अशी, की पाच भोकांच्या रिमवर हा व्यास सरळ मोजताच येत नाही, कारण भोकासमोर भोक येत नाही. चार किंवा सहा असती तर आली असती. मग शेजारच्या दोन भोकांमधलं अंतर मोजायचं आणि त्याला ०.५८८ ने भागायचं. भोकाचा मध्य हवेत कुठे शोधणार? तर एका भोकाच्या डाव्या कडेपासून पुढच्या भोकाच्या डाव्या कडेपर्यंत मोजायचं. आम्ही काजं मोजतो तसंच. मी माझी टेप लावली. ६.६ सेंटिमीटर आणि थोडं वर. गाडीच्या हबवर, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या भागावर लावली, ६.७ च्या आसपास. माझ्या हिशेबाने जुळलं! दीर तर पैसे काढून उभा.

कोण जाणे काय वाटलं, मी नवऱ्याचा व्हर्निअर, म्हणजे मिलिमीटरचे भागही मोजणारी पट्टी, मागून घेतला. गाडीवर ६७.२ मिलिमीटर, रिमवर ६५.८. भागाकार केला तर एक ११४.३ आणि दुसरा ११२ च्या हाताशी. दीड मिलिमीटरसुद्धा नाही हो तो फरक. टेपवर तो रेघेच्या जाडीत जातो. शिवाय असे रिम चढतातही म्हणे: दोन-तीन नट सहज बसतात, उरलेले पान्ह्याने रेटून. रेटलं की स्टडवर कायमचा तिरपा ताण येतो, नट आपल्या खोबणीत नीट टेकत नाही, आणि मग तो हळूहळू सैल व्हायला मोकळा. टायरवाले 'बसतंय' म्हणतात ना, तेव्हा 'जुळतंय का' असं पुन्हा विचारावं, हे मला त्या दिवशी कळलं. दीर जरा रुसला. मी त्याला चहा दिला आणि सेट परत पाठवला.

दुसऱ्या सेटचा पीसीडी बरोबर होता, मी जाऊन व्हर्निअरनेच मोजला. होंडाच्या एका एसयूव्हीवरून उतरवलेले मूळ रिम. पण मधलं मोठं भोक, ज्याला सेंटर बोअर म्हणतात, ते ६४.१ मिलिमीटर. आमच्या हबचा त्या भोकात शिरणारा गोळा ६७.१. हे तर चढणारच नाही. उलट असतं, म्हणजे रिमचं भोक मोठं असतं, तर मध्ये रिंग घालून भागलं असतं. भोक मोठं असेल तर इलाज आहे, लहान असेल तर नाही. गळा कापण्यासारखंच हे, फक्त उलटं: तिथे मोठा झाला की संपलं.

एव्हाना मी एक कागद केला होता. आपल्याच रिमच्या मागच्या अंगाला, दांड्यांच्या पाठीवर, बरंच काही कोरलेलं असतं. ते चिखल पुसून उतरवून घेतलं: १७ × ७ जे, ईटी ४८. म्हणजे १७ इंच व्यास, आतून सात इंच रुंदी; 'जे' हे रिमच्या कडेच्या आकाराचं अक्षर. 'ईटी' म्हणजे ऑफसेट: रिमच्या रुंदीची बरोबर मधली रेषा धरली, तर हबला टेकणारा चेहरा त्या रेषेपासून बाहेरच्या बाजूला किती मिलिमीटर आहे. आमचा ४८. हा आकडा जितका कमी, तितकं चाक गाडीच्या बाहेर येणार.

तिसरा सेट मला स्वतःला फार आवडला होता, हे कबूल करते. काळ्या दांड्या, कडेला चंदेरी रेघ. १८ इंची, साडेसात जे, ईटी ३८. कागदावर आकृती काढून बसले. रुंदी अर्ध्या इंचाने वाढली, म्हणजे प्रत्येक बाजूला ६.३५ मिलिमीटर. ऑफसेट दहाने कमी, म्हणजे सगळं चाक दहा मिलिमीटर बाहेर. बाहेरची कड एकूण सोळा मिलिमीटरहून जास्त पुढे येणार. आतल्या बाजूला, शॉकअपच्या अंगाला, उलट साडेतीन मिलिमीटर जास्त मोकळं होणार. दिसायला रुबाबदार. पण आम्ही सहा माणसं आणि सामान भरून जातो तेव्हा मागचा भाग चांगला बोटभर खाली बसतो, आणि मडगार्डची कड तिथे वाटच बघत असते. शिवाय चाक बाहेर सरकलं की बेअरिंगवर तरफेसारखा जोर वाढतो आणि चिखल सगळा दारांवर.

तरीही मी मोह धरून होते. तो मोडला एका बारीक अक्षरातल्या ओळीने. रिमच्या पाठीवर कमाल भार कोरलेला होता: ५६० किलो.

हा आकडा कुणीच विचारत नाही. रंग विचारतात, डिझाइन विचारतात. आमच्या ड्रायव्हरच्या दाराच्या खांबावर एक पट्टी आहे, तिच्यावर पुढच्या आणि मागच्या अ‍ॅक्सलवर जास्तीत जास्त किती वजन चालेल ते छापलंय. मागचा आकडा ११८० किलो. दोन चाकं, म्हणजे एका रिमला किमान ५९० हवे. ५६० चा रिम हलक्या सेडानला उत्तम, आमच्या गाडीला नाही. पीसीडी तोच, बोअरही चालणारा, दुकानात लावून दाखवला असता तर नुसता देखणा दिसला असता. आणि मग सगळं घर त्यात बसून घाटात निघालं असतं. टायरवर वजनाचा आकडा असतो (आमच्यावर ९९, म्हणजे प्रत्येकी ७७५ किलो), त्यामुळे लोकांना वाटतं ते काम झालं. टायर पेलेल हो. त्याला धरणाऱ्याचं काय?

त्याच वेळी दिराचं एकोणीस इंचांचं टुमणं चालू होतं. त्याला मी सरळ टायरची भिंत मोजून दाखवली. आमचा टायर २२५/६० आर १७. रुंदीच्या ६० टक्के म्हणजे १३५ मिलिमीटर उंचीचं रबर रस्ता आणि रिम यांच्यामध्ये. एकोणीसला २४५/४५ घातला, तर चाकाचा एकूण व्यास जवळपास तोच राहतो, ७०२ च्या जागी ७०३ मिलिमीटर, म्हणजे स्पीडोमीटरही फसत नाही. पण रबर उरतं ११०. इंचभर गादी काढून टाकायची, आणि तीही खड्ड्यात रिम तडकला म्हणून नवीन घेताना! तो म्हणाला, "वहिनी, तुमच्याशी बोलण्यात अर्थ नाही." बरोबर आहे.

शेवटी घेतले ते नवेच. १७ × ७ जे, ईटी ४५, भार ६९० किलो, जेडब्ल्यूएल आणि व्हीआयए या दोन्ही खुणा ओतलेल्या. या जपानी चाचण्यांच्या खुणा आहेत, पहिली मानकाची आणि दुसरी तपासणी संस्थेची. ऑफसेटमध्ये तीन मिलिमीटरचा फरक मी चालवून घेतला. म्हणजे माया अगदीच नसते असं नाही. ऑफसेटला दोन-चार मिलिमीटरची असते, बोअरला मोठ्या बाजूने असते, भाराला वरच्या बाजूने हवी तेवढी. पीसीडीला शून्य. आणि नटांनाही शून्य.

नटांचं मी जवळजवळ विसरलेच होते. नट जिथे टेकतो तो भाग काही रिममध्ये शंकूसारखा, ६० अंशांचा असतो, काहींत वाटीसारखा गोल, काहींत सपाट. होंडाचे मूळ रिम गोल बैठकीचे, बाजारातले बहुतेक शंकूचे. शंकूत गोल नट घातला तर तो एका बारीक रेघेवर टेकतो, पान्ह्याला मात्र घट्ट लागतो. आमचे जुने नट शंकूचे निघाले, आटे एम १२ × १.५ (स्टड बारा मिलिमीटर जाड, एका वेढ्याला दीड मिलिमीटर), म्हणून तेच चालले. हाताने फिरवून मोजले, आठ पूर्ण वेढे बसतात. तेवढे पाहिजेतच: बारा मिलिमीटरच्या स्टडवर निदान बारा मिलिमीटर आटे धरले पाहिजेत. टायरच्या हवेचे सेन्सर जुन्या रिममधून काढून नव्यात गेले. ब्रेकचा कॅलिपर दांड्यांना कुठे घासत नाही ना, ते चाक हाताने फिरवून पाहिलं. झालं.

नव्या रिमचा बोअर ७३.१. बाजारातल्या रिमला तो मुद्दाम मोठा ठेवतात, म्हणजे एकच रिम अनेक गाड्यांना चालतो. मग ७३.१ बाहेरून आणि ६७.१ आतून अशा चार प्लास्टिकच्या रिंगा घालायच्या. रिंग वजन पेलत नाही. ते काम आवळलेल्या नटांमुळे हब आणि रिम यांच्यात होणारं घर्षण करतं. रिंग फक्त आवळेपर्यंत चाक बरोबर मध्यावर धरून ठेवते. टाचणीच म्हणा ना.

चाकं बसली, बॅलन्सिंग झालं, घरी आलो. दुसऱ्या दिवशी ऐंशीच्या पुढे स्टिअरिंग थरथरायला लागलं. सत्तरला शांत, नव्वदला हात बधिर. पुन्हा बॅलन्सिंग. काट्यावर सगळी चाकं शून्य, गाडीवर थरथर तशीच. पीसीडी मी मोजलेला, भार पाहिलेला, नट मोजलेले. रात्री झोप नाही.

तिसऱ्या दिवशी मुलीची वेणी घालताना पाहिलं, तिच्या हातात एक काळी बांगडी, कोपरापर्यंत घसरणारी.

"ही कुठली गं?"

"त्या दुकानात मिळाली. पाकिटात चार होत्या."

फिटिंग करणाऱ्याला विचारलं तर म्हणाला, तीनच सापडल्या, चौथं चाक तसंच आवळलं, "नटांनी सेंटर होतंच ताई." जॅक लावला, पुढचं उजवं चाक उतरवलं. हबभोवती तीन मिलिमीटरची फट. बांगडी धुऊन बसवली, नट चांदणीच्या क्रमाने समोरासमोर आवळले. आमच्या गाडीच्या पुस्तकात १०७ ते १२७ न्यूटन-मीटर दिलंय, ते टॉर्क रेंचने, म्हणजे किती जोराने आवळलं ते मोजणाऱ्या पान्ह्याने. थरथर गेली ती गेलीच. शंभर किलोमीटर झाल्यावर पुन्हा सगळे नट तपासले, दोन किंचित फिरले.

जुन्या धड रिमपैकी एक स्टेपनीला ठेवलाय. मुलगी अजून विचारते, बांगडी परत कधी मिळणार. पुढच्या खड्ड्याला, असं तिचा बाप म्हणतो.