उदारमतवादातला ‘उदार’

पाऊस लागून राहिला की आमच्या सांगलीच्या गावभागात सकाळचा पहिला प्रश्न ठरलेला: “पातळी किती?” म्हणजे कृष्णेची, आयर्विन पुलाजवळची. ४० फुटांना इशारा, ४५ ला धोका. ऑगस्ट २०१९ मध्ये ती ५७ च्या वर गेली आणि तळमजल्यावरची माझी नोट्सची ट्रंक कितीतरी दिवस कृष्णेत राहिली.

त्या ट्रंकेत मी एम.ए.ला शिकवते तो विषय होता, आंतरराष्ट्रीय संबंधांचे सिद्धांत. वास्तववाद मुलांना लगेच पटतो. बळी तो कान पिळी म्हटलं की निम्मं शिकवून होतं. गाडी अडते ती उदारमतवादापाशी, आणि त्यात मोठा वाटा आपल्या मराठी शब्दाचाच आहे असं मला वाटतं. ‘उदार’ म्हटलं की पदरचं काढून देणारा मोठ्या मनाचा माणूस डोळ्यांपुढे येतो. मग मुलं विचारतात, “मॅडम, देश कुठं असं वागत्यात?” वागत नाहीतच. आणि सिद्धांतही तसं म्हणत नाही.

जर्मन तत्त्वज्ञ कांटने १७९५ मध्येच लोकसत्ताक राज्यं, व्यापार आणि राज्यांचा संघ यांच्यावर शांततेची भिस्त ठेवली होती. पण मला सर्वांत पटते ती अमेरिकी अभ्यासक रॉबर्ट कोहेन यांची १९८४ ची मांडणी. देश स्वार्थी आहेत, त्यांच्या डोक्यावर कुणी पोलीस नाही, हे ते आधीच कबूल करतात. तरी देश सहकार्य करतात, कारण समोरचा काय करतोय ते कळेनासं झालं की भीती वाढते आणि भीतीपोटी दोघांचंही नुकसान होतं. देशांनी मिळून उभारलेली संस्था ती माहिती पुरवते आणि दिलेला शब्द कोण मोडतंय ते उघड करते.

हे मला खऱ्या अर्थाने कळलं शेजारच्या अण्णांच्या वहीमुळे. शंभर पानी वही, पट्टीने आखलेले तीन रकाने: वरच्या कोयना धरणाचा विसर्ग, आयर्विनची पातळी, आणि खाली कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाचा विसर्ग. २०१९ च्या पानांवर तिसरा रकाना जवळजवळ कोरा. एका तारखेला दोन वेगळे आकडे एकाखाली एक, दोन्हींपुढे प्रश्नचिन्ह. त्या आठवड्यात गल्लीभर एकच बोलणं होतं, “तिकडं अलमट्टीची दारंच उघडली नाहीत, म्हणून इकडं पाणी तुंबलंय.” जून २०२१ मध्ये दोन्ही राज्यांची बंगळुरूत बैठक झाली, विसर्गाची माहिती एकमेकांना द्यायचं ठरलं. महिनाभरात पाणी पुन्हा चढलं. त्या जुलैच्या पानांवर तिसरा रकाना खालपर्यंत भरलाय, बारीक अक्षरात, वेळेसकट.

अण्णांचं कर्नाटकाबद्दलचं मत तसूभरही बदललेलं नाही. अलमट्टीची उंची ५१९.६० वरून ५२४.२५६ मीटर करायला त्यांचा कडाडून विरोध आहे, आणि माझाही. पण त्या जुलैत त्यांनी अफवेवर धावपळ केली नाही. आकडे बघितले आणि तांदळाचे डबे वेळेत माळ्यावर चढवले.

आता दोन राज्यांच्या वर सर्वोच्च न्यायालय आहे, लवाद आहे. देशांच्या वर तसं काही नाही, म्हणून हा दाखला तिकडे जसाच्या तसा लागू होत नाही. पण नदीचाच दुसरा दाखला आहे. ऱ्हाईनवरच्या वाहतुकीसाठी १८१५ मध्ये व्हिएन्नात आयोग ठरला. त्या काठांवर फ्रान्स आणि जर्मनी १८७०, १९१४, १९३९ असे तीनदा लढले. आयोगाला युद्ध थांबवता आलं नाही, तरी आयोग अजून आहे, स्ट्रासबर्गला. आणि १९५१ मध्ये त्याच दोन देशांनी आणखी चौघांसह कोळसा-पोलाद एका छताखाली आणलं, तेव्हा एकमेकांवर माया नव्हती. एकाने गुपचूप शस्त्रं बनवायला घेतली तर दुसऱ्याला कळावं, ही सोय हवी होती.

मुलं मग सिंधू करार काढतात, आणि त्यांचं बरोबर आहे. १९६० चा करार १९६५, १९७१, १९९९ च्या युद्धांमधून तरला, आणि पहलगामनंतर एप्रिल २०२५ मध्ये भारताने तो स्थगित केला. माहितीची देवाणघेवाण दहशतवादापुढे किती पुरते, याचं तयार उत्तर माझ्याकडे नाही. चौसष्ट वर्षं तो कशामुळे टिकला, हे आधी तपासा, एवढंच मी सांगते.

यंदा हे शिकवताना मी अण्णांची वही वर्गात न्यायला मागितली. त्यांनी ती दुधाच्या धुतलेल्या पिशवीत गुंडाळून दिली. “न्या की बाई. पण पावसाच्या आत परत द्या.”