फिर्यादीत नाव नाही, मग कोर्ट ऐकेल का?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. तालुक्याच्या कोर्टात वकिली करते, आणि हा प्रश्न घेऊन कुणी ना कुणी येतंच: "मॅडम, पोलिसांनी तपास धड केला नाही. पण फिर्यादी आम्ही नाही. कोर्टात आम्हाला कोण उभं करणार?"

माणूस तुमच्या घरचा गेला असेल, तर कोर्टाला तुमचं ऐकावं लागतं.

एक मावशी आल्या होत्या. मुलगा रात्री कामावरून परतताना कुठल्यातरी गाडीनं उडवला, जागीच गेला. फिर्याद दिली ती त्याला रस्त्यात पडलेला पाहणाऱ्या रिक्षावाल्यानं. वर्षभरानं पोलिसांनी 'ए समरी' मागितली, म्हणजे गुन्हा खरा, पण आरोपी सापडत नाही. कोर्टाची नोटीस निघाली ती रिक्षावाल्याच्या नावानं, आणि तो तोवर गाव सोडून गेला होता. मावशींना हे कळलं भरपाईच्या कागदांसाठी ठाण्यात गेल्यावर. "तुम्ही फिर्यादी नाही," एवढंच उत्तर मिळालं.

त्यांच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत पंचनाम्याची झेरॉक्स होती. 'घटनास्थळाच्या पूर्वेस अंदाजे पन्नास फुटांवर पेट्रोल पंप', असं त्यात स्वच्छ लिहिलेलं. पंपावरच्या एकाही माणसाचा जबाब मात्र कागदांत नव्हता.

सुप्रीम कोर्टानं १९८५ साली, दिल्लीतल्या भगवंत सिंग यांच्या प्रकरणात, हे स्पष्ट केलंय. मॅजिस्ट्रेटला प्रकरण बंद करायचं असेल, तर आधी फिर्यादीला नोटीस देऊन त्याचं ऐकलंच पाहिजे. जखमी माणसाला किंवा मयताच्या नातेवाइकाला नोटीस हक्कानं मागता येत नाही; पण ते त्या वेळी हजर झाले, तर त्यांनाही बोलू द्यावं लागतं. म्हणून मी सगळ्यांना सांगते, नोटिशीची वाट बघू नका. ठाण्यात आणि कोर्टात स्वतः चौकशी करत राहा. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्यात, तर तपास कुठवर आला हे नव्वद दिवसांत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. लेखी मागा. आणि 'माझी काही तक्रार नाही' अशा कागदावर वाचल्याशिवाय सही करू नका, कृपा करून.

घरचंही कुणी नसेल तर? गुन्ह्याची तक्रार कुणीही करू शकतो; माजी मुख्यमंत्री अंतुले यांच्याविरुद्धच्या खटल्यात १९८४ साली पाच न्यायमूर्तींनी तेच सांगितलं. तपास कसा आणि कोणी करावा यात हात घालणं मात्र फार अवघड. भीमा-कोरेगाव प्रकरणातल्या अटकांनंतर इतिहासकार रोमिला थापर आणि आणखी चौघांनी स्वतंत्र पथकाची मागणी केली, ती २०१८ मध्ये दोन विरुद्ध एक अशी फेटाळली गेली. आरोपीला आपला तपास अधिकारी निवडता येत नाही, मग त्याच्या वतीनं येणाऱ्यांनाही नाही, असं बहुमताचं म्हणणं. न्यायमूर्ती चंद्रचूड यांनी वेगळं मत दिलं, स्वतंत्र पथक नेमावं असं, आणि मला आजही तेच पटतं.

थेट हायकोर्टात जायची घाई मात्र नको. आधी पोलीस अधीक्षकांना लेखी अर्ज, मग मॅजिस्ट्रेट. २००७ च्या साकिरी वासू निकालात सुप्रीम कोर्टानं हीच वाट दाखवलीय.

मावशींचा अर्ज आम्ही समरीच्या तारखेलाच दिला. "आपलं काय म्हणणं आहे?" असं साहेबांनी विचारल्यावर त्या माझ्याकडे बघायला लागल्या. मग पदर सावरून म्हणाल्या, "पंपावर कुणी विचारलंच नाही, साहेब." अधिक तपासाचा आदेश झाला. कॅमेऱ्यातलं चित्रण केव्हाच पुसलं गेलं होतं. पण रात्रपाळीच्या पोराचा जबाब झाला, आणि त्याला एक दुधाचा टेम्पो आठवत होता, पुढची काच फुटलेला.