सड्यावर दीपकाडी फुललीय!

सकाळी पावसाने जरा उघडीप दिली तसा राजापूर साइडला सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, गेलो आणि बघतो तर जिकडे तिकडे पांढरी फुलं, खरंच भरून आलं. दीपकाडी! आपल्या कोकणातले कातळसडे आणि खाली गोव्यापर्यंतचा पट्टा, एवढ्यातच ही होते, जगात दुसरीकडे कुठेच नाही.

मे महिन्यात याच कातळावर अनवाणी पाय ठेवून बघा, चटके बसतात. तरी खाचेतल्या बोटभर मातीत हिचा कांदा टिकून असतो आणि सुरुवातीचे पाऊस झाले की कांद्याच्या पातीसारखी पानं वर येतात, मग दांडा, मग फुलं. गुडघे टेकून जवळून बघितलं, बारीक लांबट नळी, सहा पाकळ्या, आत पाण्याचा एक थेंब अडकलेला. थोडे दिवसच असतं हे सगळं.

त्रास याचा होतो की सडा म्हटलं की पडीक, असं सगळे धरूनच चालतात. जेसीबी लावायचा, कातळ फोडायचा, बाहेरची माती आणून हापूसची कलमं, नाहीतर सरळ चिरेखाण. कलमं लावू नका असं कोण म्हणेल, कित्येकांची घरं त्यावर चालतात, पण सगळाच सडा कशाला फोडायचा? ज्यांचा स्वतःचा सडा आहे त्यांनी एखादा तुकडा तसाच राहू द्या ना. आणि बघायला जाल तर प्लीज कातळावर गाड्या चढवू नका, कुंडीत लावायला कांदे उपटून आणू नका.