तुम्ही विचारलंत म्हणून: फिल्टर धुतला, तरी पाणी दुधाळ का?

रत्नागिरीत घरी माशांची टाकी ठेवणारे ओळखीचे लोक मला हेच विचारतात: फिल्टर इतका स्वच्छ धुतला, तरी दोन दिवसांत पाणी दुधाळ कसं झालं? इतका स्वच्छ धुतलात, म्हणूनच.

स्पंजवरचा तो तपकिरी बुळबुळीत थर नुसती घाण नसते, त्यात जिवाणूंची वस्ती असते. मासे आणि उरलेलं खाद्य यांतून सुटणाऱ्या अमोनियाचं ते आधी नायट्राइट आणि मग बऱ्यापैकी निरुपद्रवी नायट्रेट करतात. नव्या टाकीत ही वस्ती बसायला ४ ते ६ आठवडे लागतात. नळाच्या क्लोरीनच्या पाण्याखाली स्पंज खळखळून धुतलात की ती एका सकाळीत जाते आणि पाणी बिघडून दुधाळ होतं. बावीचं, म्हणजे विहिरीचं, पाणी असलं तरी बेफिकीर राहू नका, पावसाळ्यात बावीत टीसीएल पावडर (क्लोरीनची ब्लीचिंग पावडर) टाकतात. पाणी बदलताना टाकीतलंच पाणी बादलीत घ्या, त्यात स्पंज दोन-चारदा पिळा, पुरे. दर महिन्याला नवा स्पंज घालायचा सल्ला मला मुळीच पटत नाही. तो फाटेपर्यंत चालतो.

धार बारीक झाली म्हणून लगेच नवी मोटर आणू नका. प्लग काढा, इम्पेलर (मोटरमधलं पाणी ढकलणारं छोटं चक्र) बाहेर घ्या, तो आणि त्याची खोबण जुन्या टूथब्रशने घासा. घरघर येत असेल तर टाकीतलं पाणी खाली गेलंय का बघा.

आपल्याकडे खरी मेख पाण्यात आहे. जांभ्यातलं पाणी मऊ आणि थोडं आम्लधर्मी. अमोनिया पचवताना जिवाणू पाण्यातला कार्बोनेट खर्च करतात, आणि आपल्या पाण्यात तो मुळातच कमी. तो संपला की पीएच घसरतो, म्हणजे पाणी जास्त आम्लधर्मी होतं, आणि ६ च्या खाली गेला की त्यांचं काम फारच मंदावतं. फिल्टर फिरतोय, पाणी नितळ आहे आणि मासे मात्र मलूल! उपाय किनाऱ्यावर पडलेला आहे. रिकामे शिंपले घासून, उकळून, वाळवून जाळीच्या पिशवीतून फिल्टरमध्ये ठेवा, त्यांतला कार्बोनेट हळूहळू पाण्यात उतरतो. जुन्या टाकीत मात्र आधी थोडं थोडं पाणी बदलत जा आणि सुरुवात दोन-चार शिंपल्यांनी करा. पीएच झटकन चढला तर साठलेला अमोनिया जास्त विषारी होतो.

राहिली लाईट. जून २०२० मधल्या निसर्ग चक्रीवादळानंतर दापोली-मंडणगडकडे कित्येक गावं आठवडेच्या आठवडे अंधारात होती. बंद डब्याच्या फिल्टरमध्ये प्राणवायू काही तासांत संपतो आणि जिवाणू मरू लागतात. तेव्हा स्पंज काढून टाकीत मोकळा सोडा, बॅटरीवरचा एअर पंप लावा, खाद्य बंद करा. लाईट आल्यावर डब्यातलं कुजकं पाणी आधी ओतून द्या, ते टाकीत जाता कामा नये. इन्व्हर्टर असेल तर आगोटीआधीच, म्हणजे पावसाळा लागण्याआधीच, फिल्टरचा पॉइंट त्यावर घ्या. छोटा फिल्टर ५-१० वॅटच खातो, पंख्यापेक्षा कितीतरी कमी.