धाकटीची फाईल

आज धाकट्या बहिणीला घेऊन नाशिकच्या सीबीएस बसस्थानकाजवळच्या कोर्टात गेलो होतो, वकीलसाहेबांना कागद दाखवायला. २०१३ साली राज्यात पहिली टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा झाली, तेव्हा ती डीएड होऊन बसली होती. टीईटी पास झाली. मग शिक्षक भरतीचं सरकारी पवित्र पोर्टल आलं, २०० गुणांची अभियोग्यता चाचणी आली, तीही दिली. ते गुण सगळ्यांना दिसतात. खासगी अनुदानित शाळेतल्या मुलाखतीचे ३० गुण मात्र बंद दाराआड, आणि तिचं घोडं तिथेच अडलं. संस्थेचं नाव लिहीत नाही. चाचणीत तिच्यापेक्षा कमी गुण असलेला उमेदवार घेतला. का, हे कुणी सांगायला तयार नाही. फार राग येतो.

वकीलसाहेबांनी एकेक कागद नीट पाहिला. नोकरीवरून काढलं असतं तर खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठीच्या १९७७ च्या कायद्याने शाळा न्यायाधिकरणात अपील करता आलं असतं. इथे नेमणूकच मिळाली नाही, म्हणून रिट याचिका करावी लागेल, तीही मुंबई हायकोर्टात. म्हणजे दर तारखेला नाशिकरोडहून सकाळची पंचवटी एक्स्प्रेस. "आधी माहिती अधिकारात गुणतक्ता मागवा," म्हणाले.

दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प घेतला. बाहेरच्या बाकावर मांडीवर फाईल ठेवून ती अर्ज लिहायला बसली. पोरांना गिरवायला द्यावं असं वळणदार अक्षर आहे तिचं. एका शब्दात खाडाखोड झाली तर अख्खं पान पुन्हा लिहून काढलं. मला बघवेना.

"दादा, आज तारीख किती रे?" एवढंच विचारलं तिने.