शब्द पुढे, चित्र मागे

काल रात्री अमेरिकन प्रायोगिक चित्रपटकार हॉलिस फ्रॅम्प्टन यांचा ‘नॉस्टॅल्जिया’ हा चित्रपट पाहिला आणि आज सकाळी आठवेल तसा वहीत उतरवून काढला. दुपारी तोच पुन्हा पाहायला बसले, तेव्हा सकाळच्या नोंदी एकामागून एक चुकीच्या ठरू लागल्या.

१९७१ सालच्या या सुमारे ३६ मिनिटांच्या कृष्णधवल चित्रपटाची रचना सांगायला सोपी आहे. फ्रॅम्प्टन आधी छायाचित्रकार होते. त्या काळातली छायाचित्रे एकेक करून विजेच्या शेगडीवर ठेवली जातात. तापलेल्या तारेची वेटोळी आधी कागदावर काळी उमटतात, मग कागद जळतो, आणि निवेदन थांबल्यावरही राख बराच वेळ निःशब्द हलत राहते. हे निवेदन मात्र समोरच्या छायाचित्राचे नसते, ते त्याच्या पुढच्या छायाचित्राचे असते. डार्करूमचे चित्र जळत असताना आपण शिल्पकार कार्ल आंद्रे यांच्याविषयी ऐकतो, आणि आंद्रे समोर येतात तेव्हा आवाज पुढे निघून गेलेला असतो. त्यामुळे ऐकलेले जपून ठेवायचे, समोरचे जळताना पाहायचे आणि अजून न दिसलेल्याची कल्पना करायची, ही तिन्ही कामे मनाला एकाच वेळी करावी लागतात. त्यातही ‘मी’ म्हणणारा आवाज फ्रॅम्प्टन यांचा नाही, त्यांचे मित्र आणि कॅनडाचे चित्रपटकार मायकेल स्नो यांचा आहे. स्वतःची आठवण दुसऱ्याच्या तोंडून ऐकवावी, हे मला फार आत जाऊन लागले.

माझ्या वहीत लिहिले होते की चित्रकार फ्रँक स्टेला धुराची वलये सोडताना दिसतात आणि निवेदक त्याच वेळी त्या वलयांविषयी बोलतो. चित्रपटात असे घडतच नाही. शब्द आणि चित्र यांच्यामध्ये दिग्दर्शकाने इतक्या काटेकोरपणे राखलेले अंतर माझ्या मनाने एका झोपेत बुजवून टाकले होते, आणि तेही अशा सफाईने की पुन्हा पाहिले नसते तर मला कधी संशयही आला नसता.

शेवटचे निवेदन एका गल्लीच्या छायाचित्राचे आहे. ते टिपताना मध्येच एक ट्रक आला, त्याच्या आरशात काहीतरी प्रतिबिंबित झाले, आणि तेवढाच भाग मोठा करत गेल्यावर जे दिसले त्याने पुन्हा छायाचित्र काढण्याचे धैर्य उरले नाही, असे निवेदक सांगतो. हे छायाचित्र आपल्याला दाखवलेले नाही. पडदा काळा होतो.

सकाळच्या पानावर मी त्या ट्रकचा आरसा पेन्सिलीने काढून ठेवला आहे, डाव्या बाजूला, किंचित तिरका.